जीजीच्या तीन रेकॉर्डी

आल्बम म्हटलं की आजकालच्या पोरांना मोबाइलमधले फोटो आठवतात. हा तसा नाही. जाड पुठ्ठ्याचं, पाठीला कापड लावून बांधलेलं पुस्तकच म्हणा, फक्त आत पानांऐवजी कागदाचे खिसे आहेत आणि एकेका खिशात एकेक काळी रेकॉर्ड. तीन रेकॉर्डी, दोन्ही बाजू धरून सहा गाणी. पुठ्ठा एके काळी निळा होता, आता त्याला कसलाच रंग म्हणता येणार नाही. नाकाशी धरला तर डिंकाचा आणि कापराचा वास येतो. माझ्या नणंदेचा हा पहिला आल्बम. शेवटचाही हाच.

माझी नात सोनल तो मागच्या आठवड्यात इंदूरला घेऊन गेली होती. तिथे कुणीतरी जुन्या रेकॉर्डी साफ करून गाणी मोबाइलमध्ये भरून देतो म्हणे. आज आली, आल्बम माझ्या मांडीवर ठेवला आणि म्हणाली, "आजी, एकदम क्लियर झालं सगळं. तू बैठ, मी चहा टाकते, मग ऐकवते." ती आत गेली. मी इथं एकटी, मांडीवर हे ओझं. केवढं जड असतं हो हे. गाण्याला इतकं वजन असतं हे तिच्या मोबाइलला कधी कळायचं नाही.

लग्न होऊन मी रावेरहून बुऱ्हाणपूरला आले ती इतवाऱ्यातल्या घरात. आमचे हे शाळेत मास्तर. घरात हे, मी आणि ह्यांची थोरली बहीण जीजी, बस्स. पण त्या घरात माझी सगळ्यांत आधी ओळख झाली ती मागांशी. आमच्या मागच्या पडवीची भिंत आणि गफूरचाचांच्या कारखान्याची भिंत एकच. हातमाग मागे पडून विजेचे माग तेव्हा गल्लीगल्लीत आले होते. सकाळी वीज आली की भिंतीपलीकडे खट्याक खट, खट्याक खट सुरू, ते दिवेलागणीपर्यंत. हंड्यातल्या पाण्यावर बारीक बारीक गोल उठत राहायचे. वाळत घातलेल्या पापडांवर कापसाची लव येऊन बसायची. सुताला लावायच्या खळीचा आंबूस वास, यंत्राच्या तेलाचा वास, आणि संध्याकाळी नाक्यावर मावा जिलबी तळायला घेतली की तुपाचा वास. हे तिन्ही एकात एक मिसळले की समजायचं, दिवस कलला. मी तर पहिल्या आठवड्यातच रडकुंडीला आले. जीजीला म्हटलं, "जीजी, तुम्हाला या आवाजाचा त्रास नाही होत?" तिने तोंडातली लवंग या गालातून त्या गालात सारली आणि म्हणाली, "कसला आवाज?"

समोर मी तिला अहोजाहो करायची. मनात मात्र अगंतुगंच, अजूनही.

जीजीला अर्धी गल्ली वेडी म्हणायची आणि उरलेली अर्धी तिला टरकून असायची. नवरा गेल्यावर ती तापीपलीकडच्या सासरहून होडीत बसून आली, घाटावर उतरली, पाण्याकडे पाठ केली आणि म्हणाली, आता पुन्हा तापी ओलांडायची नाही. नाही म्हणजे नाही. सख्खी मावशी त्या काठाला वारली तरी गेली नाही, इकडूनच अंघोळ केली. लुगड्यावर वडिलांचा काळा कोट घालायची, बाराही महिने. आमच्याकडचा वैशाख म्हणजे काय, ते इथं राहिलेल्यालाच ठाऊक, पण कोट अंगावरून उतरला नाही. खिशात लवंगा, अडकित्ता आणि कावळ्यांना घालायला भाकरीचे तुकडे. रेडिओवर बातम्या लागल्या की रेडिओलाच दटावायची, "ओरडू नको रे बाबा, बहिरं नाही इथं कुणी." सोमवारी मौन पाळायची, पण ज्याच्याशी पटत नाही त्याच्यापुरतंच.

आणि गायची. कधी गाईल याचा नेम नाही. भांडी घासता घासता उठायची, ओले हात कोटाला पुसायची, पडवीत जाऊन भिंतीकडे तोंड करून उभी राहायची, उजवा तळवा भिंतीला टेकवायची, की झालं सुरू. आमच्याकडे पाठ. कुणी चुकून "वाहवा" म्हटलं तर गाणं तिथंच तोडून तरातरा निघून जायची. "मी काय फडावर उभी आहे?" मग चार दिवस तोंड फुगलेलं. म्हणून गल्लीने आपली एक रीत पाडून घेतली होती. जीजी गात असताना कुणी चकार शब्द काढायचा नाही, जिथं असाल तिथं नुसतं उभं राहायचं, आणि दुसऱ्या दिवशी गुपचूप काहीतरी आमच्या ओट्यावर ठेवून जायचं. केळ्याची फणी, दोऱ्याचं रीळ, वाटीभर दराबा, म्हणजे आमच्याकडची रव्या-तुपाची मिठाई. जीजी ती वस्तू उचलून मोठ्याने म्हणायची, "कोण बाई विसरभोळं मेलं," आणि आत घेऊन यायची. दराबा असला तर मला चमचाभरच मिळायचा.

नवी गाणी तिला चालायची नाहीत. नाटक कंपन्या गावात मुक्काम टाकायच्या त्या काळातली पदं, कानबाईची गाणी, भुलाबाईची, एक पाळणा, एक मोट हाकताना म्हणायचं जुनं गाणं. सगळ्या गावाच्या तोंडी असलेली. मी रावेरला ती शंभर वेळा ऐकली होती आणि शंभर वेळा विसरले होते. पण जीजी म्हणायची तेव्हा शब्द मागे रेंगाळायचा, वाटायचं, चुकली, गेलं आता गाणं हातचं, आणि अगदी शेवटच्या क्षणी तो नेमका जागेवर येऊन पडायचा. पोरी फिरत्या दोरीत वेळ साधून उडी घेतात ना, तसं. माझ्या अंगावर सर्रकन काटा यायचा. मध्येच कधी गाणं थांबवून ती भिंतीवर थाप मारायची, "काय हो गफूरभाई, धागा तुटला का?" पलीकडून चाचा ओरडायचे, "हाँ जीजी, जोड़ रहा हूँ!" धागा जोडला जायचा, गाणं पुढे चालू. वीज गेली तर गाणंही गेलं. आम्ही म्हणायचो, लहर. लहरी बाई, दुसरं काय!

ते दिवस राज्यं जोडण्याचे आणि तोडण्याचे होते. होळकरांचं इंदूर, नवाबाचं भोपाळ, सगळं एका राज्यात आलं, आणि नागपूर, विदर्भ तिकडे मुंबईकडे गेला. आम्ही बुऱ्हाणपूरचे मराठी इकडेच राहिलो. शाळेचे कागद पूर्वी नागपूरहून यायचे ते भोपाळहून यायला लागले, हिंदीत. ह्यांच्या मराठी वर्गातली बाकं एकेक करून रिकामी झाली. ओळखीतली दोन-चार घरं जळगावकडे निघून गेली. जाताना सगळे "येऊच की सणावाराला" म्हणाले आणि कुणी आलं नाही. माझं माहेर ते केवढंसं दूर, पण आई बोलताना म्हणायची, "तुमच्या त्या परराज्यात." मला फार लागायचं ते. हे शाळेतून आले की टोपी हातात धरून नुसते बसून राहायचे. जीजी म्हणायची, "अरे, असा सुतक धरल्यासारखा काय बसतोस? राज्य बदललं, तुझी जीभ कुठं कापून नेली कुणी?" पण एकदा तीच म्हणाली, "ही गाणी आता पोरांना कोण सांगेल रे? भोपाळ सांगेल?"

त्यानंतरच्या उन्हाळ्यातली गोष्ट. मी तिच्या डोक्याला तेल चोळत होते. डोळे मिटून ती म्हणाली, "रावेरवाली," मला ती कायम माझ्या माहेराच्या नावानेच हाक मारायची, "रावेरवाली, मला पोर ना बाळ. मी गेल्यावर माझा फोटो टांगू नका. फोटोचा हार वाळतो, मागे पाली अंडी घालतात. माझा आवाज राहू दे या घरात. एवढंच पाहिजे मला. दुसरं काही मागितलंय कधी?" खरंच नव्हतं मागितलं. मी ह्यांना सांगितलं. ह्यांनी तेव्हा मान हलवली आणि विषय मनात धरून ठेवला.

मुंबईच्या एका लहानशा रेकॉर्ड कंपनीचे साहेब मग कसे आले, ह्यांनी कुणाला गाठलं, कुणी शब्द टाकला, ते आता मला आठवत नाही. आठवून तरी काय करायचंय? ते आले, ओट्यावर बसून त्यांनी भिंतीपलीकडचे माग आणि अलीकडचं गाणं दोन्ही ऐकलं आणि म्हणाले, जुनी लोकप्रिय गाणी, तीन रेकॉर्डींचा आल्बम काढू, बाईंना मुंबईला घेऊन या. गाडी भुसावळच्या अलीकडे तापी ओलांडते. जीजीने नाही म्हणून मान हलवली. साहेबांनी खूप समजावलं, डबा बंद असतो, पाणी दिसत नाही वगैरे. "मला नाही दिसलं तरी तिला मी दिसेन ना," जीजी म्हणाली. शेवटी साहेबच म्हणाले, मी मशीन घेऊन येतो. फक्त एक अट, आवाज बिलकुल नको. फितीवर सगळं उतरतं, कावळासुद्धा.

हे संकोचत गफूरचाचांकडे गेले. मागावर ज्याचं पोट, त्याला माग बंद ठेव म्हणायचं कसं? चाचांनी त्यांना बोलूच दिलं नाही. "मास्तरजी, ये भी कोई पूछने की बात है? जीजी गाएगी तो दुनिया को सिर्फ जीजी सुनाई देनी चाहिए." आपले माग बंद ठेवतो म्हणाले, आणि एवढ्यावर थांबले नाहीत. खांद्यावर पंचा टाकून स्वतः दारोदार फिरले. ज्या दिवशी माग नाही त्या दिवशी चूल नाही अशी घरं होती ती, पण एकानेही नकार दिला नाही. टांगेवाले दुसऱ्या गल्लीने जायला कबूल झाले. बायकांनी पोरांना घाटावर पिटाळायचं ठरवलं. एवढ्या वर्षांत ओट्यावर ठेवलेली केळी आणि दराबा कमी पडला म्हणून की काय, साऱ्या गल्लीने मिळून जीजीला तो एक दिवस द्यायचं ठरवलं.

त्या दिवशी जीजी पहाटे न्हाली. कोट आदल्या दिवशीच धुतला होता. तांब्यात निखारे घालून तिने तो स्वतः कडक केला. मी म्हटलं, "जीजी, आवाजाचा फोटो निघतोय, कोटाचा नाही." तर म्हणाली, "गप गं, तुला काय कळतंय." पण हसली. इतकी खूश मी तिला कधी पाहिली नव्हती. लग्न ठरलेल्या पोरीसारखी उगाच इकडून तिकडे करत होती.

साहेबांनी मुंबईहून तबलजी आणला होता. जीजीने त्याला नखशिखांत न्याहाळलं. "हा कशाला? मी काय पांगळी आहे टेकू घ्यायला?" आणि त्याला जिलबी खायला नाक्यावर धाडून दिला. साहेब ह्यांच्याकडे बघून कौतुकाने म्हणाले, "कलावंत म्हटला की लहरी असायचाच."

मग माग थांबले. आधी दूरचे, मग जवळचे, शेवटी गफूरचाचांचे. आई गं, ती शांतता! एवढी गाढ, भर दिवसा, मी इतवाऱ्यात आल्यापासून पहिल्यांदा ऐकली. हंड्यातलं पाणी काचेसारखं स्थिर झालं होतं. कुणाच्या घरी तरी माणूस गेल्यासारखं वाटलं मला, आणि असं वाटल्याबद्दल मी स्वतःलाच दटावलं. दारात, ओट्यावर, जिन्यात माणसं श्वास धरून उभी होती. गफूरचाचा उंबऱ्याशी ओठांवर बोट ठेवून बसले होते.

जीजी भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. साहेबांनी मशीनला जोडलेला माइक तिच्या बाजूला आणून ठेवला. तिने तळवा टेकवला. आणि थांबली. खूप वेळ थांबली. तळवा काढून त्याकडे बघितलं, कोटाला पुसला, पुन्हा टेकवला. मग डावा हात लावून बघितला. साहेबांनी खूण केली, ह्यांनी हळूच "जीजी" म्हटलं, आणि तिने सुरुवात केली. सूर बरोबर होता. शब्द बरोबर होते. एकही चूक नाही. पण शाळेत पोरं प्रार्थना म्हणतात तसे शब्द एकामागून एक सरळ चालले होते, कुठं रेंगाळणं नाही, कुठं उडी नाही. दुसऱ्या गाण्यात ती मध्येच अडकली आणि मागे वळली. गाताना आमच्याकडे तोंड केलेलं मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. "रावेरवाली," ती म्हणाली, "काय झालंय गं या भिंतीला?"

"बाई, बोलू नका, फीत चालू आहे," साहेब म्हणाले.

आम्हाला वाटलं, बुजली. इतकी माणसं, ते मशीन, बुजणारच. ती पुन्हा वळली आणि सहाच्या सहा गाणी म्हणून मोकळी झाली. साहेबांनी कानावरचं काढलं आणि म्हणाले, "फार सुंदर. किती स्वच्छ!" सामान बांधलं, तबलजीला नाक्यावरून उचललं आणि टांगा स्टेशनकडे निघाला.

टांगा अजून इतवाऱ्यातून बाहेरही पडला नसेल. गफूरचाचांनी हात वर केला आणि माग सुरू झाले, आधी आमच्या भिंतीपलीकडचे, मग बाकीचे. हंड्यातलं पाणी शहारलं. जीजी पाटावर खाली मान घालून बसली होती. तिने मान वर केली. कुणीतरी नाव घेऊन बोलावल्यासारखी उठली, तळवा टेकवला आणि पहिलंच गाणं पुन्हा धरलं. काय सांगू तुम्हाला! शब्द मागे राहिला, मागाच्या ठोक्याला त्याने चार पावलं पुढे जाऊ दिलं, मग आला, धावत आला, नेमका आला. माझ्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं. त्यापूर्वी ती तशी गायली नव्हती आणि नंतरही नाही.

मध्येच ती थांबली. वळली. चेहरा पांढराफटक. "माग," ती म्हणाली. "अगं, माझ्या गाण्यात माग होते." मग भावावर ओरडली, "बघतोस काय? जा! आण त्याला परत!"

ह्यांनी सायकल काढली आणि पायात चप्पल न घालताच गावाबाहेर लालबागच्या स्टेशनवर गेले. आम्ही दोघी पडवीत उभ्या. तिने भिंतीवरचा हात काढला नाही. मी मनात तापीमाईला नवस बोलत होते, गाडी लेट होऊ दे, गाडी लेट होऊ दे. हे परत आले ते सायकल हातात धरून, चालत. गाडी लागली होती. साहेब डब्याच्या दारात होते. फीत संपली म्हणाले. आणि म्हणाले, मास्तर, तुम्ही शिकलेले आहात, मागांच्या खडखडाटात गाणं कोण विकत घेईल? जे झालंय ते उत्तम झालंय. जीजीने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "जेवून घे. पाय धू आधी."

ताटावर बसल्यावर तिने आम्हाला दोघांना अन्नाची शपथ घातली. "गफूरभाईला यातलं काही कळता कामा नये. त्याने माझ्यासाठी सगळी गल्ली बंद ठेवली. माणूस आपल्या हाताने एवढं देतो, त्याला त्याचं हे असं झालं म्हणून सांगायचं? जीभ झडेल." तिने भाकरी मोडली, पण खाल्ली नाही.

आल्बम आला तो दिवाळीनंतर. निळा, कोरा करकरीत, वर तिचं नाव सोनेरी अक्षरांत. गल्लीत नुसता उत्सव. कुठल्याशा शेठकडून ग्रामोफोन मागून आणला, ओट्यावर ठेवला, आणि ऐकता यावं म्हणून गफूरचाचांनी पुन्हा माग बंद केले. जीजी कोट घालून मधोमध बसली. रेकॉर्ड फिरायला लागली, आणि पहिली ओळ संपते न संपते तोच कुणीतरी म्हणालं, "वाहवा!" मग दुसरं कुणी, मग सगळेच. इतक्या वर्षांचं पोटात दाबून ठेवलेलं कौतुक एकदम बाहेर पडलं. रेकॉर्ड काही रुसून उठून जाणार नव्हती ना! बायका डोळे पुसत होत्या, म्हातारे माना हलवत होते. मी जीजीकडे बघत होते. आता उठेल, आता तरातरा आत जाईल. ती उठली नाही. माझ्या कानाशी लागून म्हणाली, "कोण गं ही बाई? बरी गाते."

गफूरचाचा उघड उघड रडत होते. "जीजी, अब तो आप अमर हो गईं."

"तुमच्यामुळे, भाई," जीजी म्हणाली. "तुमच्यामुळेच."

त्यानंतरही ती गायची. नाही असं नाही. पण कमी. पुढे चाचांच्या मुलांनी माग गावाबाहेर नेले, मोठ्या जागेत. भिंतीपलीकडे नुसती सुताची पोती पडून राहायची. खळीचा वास बरीच वर्षं टिकला, आवाज मात्र एका दिवसात गेला. जीजी येता-जाता भिंतीला हात लावून बघायची, तापलेल्या पोराच्या कपाळाला लावावा तसा. गायली नाही. कोट सैल सैल होत गेला आणि एका उन्हाळ्यात, केळीचे घड काढायच्या दिवसांत, ती गेली. तेराव्याला म्हातारे गफूरचाचा काठी टेकत आले आणि म्हणाले, जीजीची रेकॉर्ड लावा, तिचा आवाज घरात राहू दे. ह्यांनी माझ्याकडे बघितलं, मी ह्यांच्याकडे. शपथ होती. लावली. आपल्याच तेराव्याला ती परकी बाई सहा गाणी गायली, आणि सगळे वाहवा म्हणाले.

चाचा गेले. हेही गेले. आता शपथ पाळायची ती कुणासाठी? मी इथं बसून हेच ठरवत होते की आज सोनलला सगळं सांगून टाकायचं. म्हणायचं, बाई, तू इंदूरहून साफ करून आणलंस ते जीजी नाही. जीजी कशी गायची ते मला विचार. जगात माझ्याएवढं ते कुणाला ठाऊक नाही.

सोनल चहा घेऊन आली. मोबाइल माझ्यासमोर ठेवला. खरखर नाही, टिचकी नाही, इतकं स्वच्छ की मशीनपाशी उभ्या बाईचा श्वाससुद्धा ऐकू येत होता. "कितना सुकून है ना, आजी?" सोनल म्हणाली. "मी नेटवर टाकलं तर लोक लिहितायत, मंदिरात बसल्यासारखं वाटतं. जीजी अशाच गायच्या ना?"

नाही म्हणायला मी तोंड उघडलं. कशी गायची ते सांगायला हवं, म्हणून डोळे मिटले आणि टांगा गेल्यावर माग सुरू झाले ती वेळ मनात आणली. कोट आला. लवंगेचा वास आला. भिंतीवरचा तळवा आला, त्याच्या पाठीवरच्या निळ्या शिरा आल्या. पलीकडून खट्याक खटसुद्धा आलं. जीजीचे ओठ हलले आणि त्यांतून आवाज निघाला तो हाच, मोबाइलमधला. सरळ, स्वच्छ, कुठं न रेंगाळणारा. मी दुसरं गाणं आठवून बघितलं, पाळणा आठवून बघितला, भांडी घासताना गुणगुणायची ते आठवून बघितलं. सगळ्यांत हाच. ती दुसरी, माझी, माझ्या हातून केव्हा निसटली मला कळलंसुद्धा नाही. मी कप खाली ठेवला.

"आजी? काय झालं? अशाच गायच्या ना त्या?"

"हो गं," मी म्हणाले, "अशाच गायच्या." आणि हे खोटं आहे असं सांगू शकेल असं माणूस आता बुऱ्हाणपुरात एकही उरलं नाही, मीसुद्धा नाही.